संचालकपदावरून दूर केल्याच्या आदेशाविरुद्ध थेट कर्नाटक उच्च न्यायालयाच्या धारवाड खंडपीठात जाता येईल का?

सर्वांना सप्रेम नमस्कार.

बेळगाव जिल्ह्याच्या खानापूर तालुक्यातील आमच्या गावच्या शेती सोसायटीवर माझे चुलते सभासदांच्या मतदानाने संचालक म्हणून निवडून आले होते. मासिक सभांना सलग गैरहजर राहिल्याचे कारण दाखवून त्यांना पदावरून दूर केल्याचा सहकार खात्याच्या सहायक निबंधकांचा आदेश नुकताच हाती पडला. आदेश कानडीत आहे. तो जाणकाराकडून वाचून घेतला, तेव्हा समजले की चुलत्यांच्या लेखी खुलाशाची त्यात ‘खुलासा समाधानकारक नाही’ एवढ्या एकाच वाक्यात बोळवण केली आहे. त्या सभांचा अजेंडाच मिळाला नाही, हा खुलाशातील मुख्य मुद्दा होता. अजेंडा वहीची नक्कल आम्ही मागून घेतली आहे. इतर संचालकांच्या नावांपुढे त्यांच्या सह्या आहेत. चुलत्यांच्या नावापुढे मात्र प्रत्येक वेळी एकाच हस्ताक्षरात ‘घरी नाहीत’ असा शेरा असून त्याखाली ना तारीख आहे, ना साक्षीदाराची सही. आमचे घर सोसायटीच्या गोदामाला लागूनच आहे, हेही सांगितलेले बरे.

कोल्हापूरकडचे नातेवाईक महाराष्ट्राच्या कायद्यातील कलम ७८-अ दाखवतात, तर संस्था १९५६ च्या राज्य पुनर्रचनेपूर्वीची असल्याने तिला मुंबई राज्याचाच कायदा लागतो, असे गावातील काही जुने सभासद सांगतात. येथील वकिलांचे म्हणणे असे की आधी अपील करावे. परंतु रिकाम्या जागेवर दुसरा संचालक घेण्याचा विषय पुढील सभेत येणार असल्याचे कळते, आणि एकदा जागा भरली की अपील जिंकूनही गुंता उरेल, अशी आम्हांला भीती वाटते. अशा स्थितीत थेट रिट अर्ज (सरकारी आदेशाविरुद्ध उच्च न्यायालयाकडे करायचा अर्ज) दाखल करणे योग्य ठरेल का, आणि न्यायालय अशा आदेशात नेमके काय तपासते, याविषयी अनुभवी मंडळींनी मार्गदर्शन करावे, ही विनंती.

प्रतिसाद

नमस्कार. महाराष्ट्राचा १९६० चा अधिनियम सीमेच्या अलीकडे चालत नाही. संस्थेची नोंदणी मुंबई राज्याच्या काळातील असली, तरी आज तिला कर्नाटक सहकारी संस्था अधिनियम, १९५९ हाच लागू आहे. सीमाभागात व्हॉट्सॲपवरून येणारा बहुतेक मराठी सल्ला महाराष्ट्राच्या कलमांवर बेतलेला असतो. ती कलमे अर्जात घातलीत, तर पहिल्याच तारखेला अर्जाचे वजन जाईल.

राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ खाली, म्हणजे रिट अर्जात, उच्च न्यायालय अपिलासारखा पुरावा नव्याने तोलत नाही. अधिकाऱ्याला तो अधिकार होता का, संबंधिताचे म्हणणे खरोखर विचारात घेतले का, निष्कर्षाला काही आधार आहे का आणि कारणे दिली आहेत का, एवढेच ते पाहते. म्हणून ‘चुलते गैरहजर नव्हते’ या मुद्द्यावर भर देऊ नका. अजेंडा बजावला गेला नाही आणि त्याविषयीच्या खुलाशावर आदेशात चकार शब्द नाही, यावर अर्ज उभा करा. आदेशात नसलेली कारणे सरकार पक्षाला मागाहून प्रतिज्ञापत्रातून भरता येत नाहीत, हे सर्वोच्च न्यायालयाने मोहिंदर सिंग गिल प्रकरणात १९७७ मध्येच स्पष्ट केले आहे. निवडून आलेल्या व्यक्तीला पदावरून काढताना कार्यपद्धती काटेकोर पाळली पाहिजे, यासाठी रवी यशवंत भोईर हा २०१२ चा निकाल दाखवता येईल. मात्र तो उरणच्या नगराध्यक्षांचा होता, सहकारी संस्थेचा नव्हे, हे वकिलांनी लपवू नये.

पर्यायी उपाय असला म्हणून रिटचा दरवाजा पूर्ण बंद होत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाच्या व्हर्लपूल निकालापासून (१९९८) मान्य आहे. तरीही आपल्या प्रकरणात नोटीस आली होती आणि खुलासाही दिला गेला होता. त्यामुळे ‘संधी दिलीच होती’ असे सरकारी वकील म्हणणार आणि अपिलाकडे बोट दाखवणार. माझ्या मते अपील व स्थगितीचा अर्ज एकाच वेळी दाखल करावा आणि सभेपूर्वी स्थगितीवर सुनावणी मिळत नसेल, तर नेमके तेच कारण मांडून धारवाडला जावे. रिट निबंधकांच्या आदेशाविरुद्ध असावे, केवळ सोसायटीविरुद्ध नव्हे. सर्वोच्च न्यायालयाच्या थलप्पलम प्रकरणातील २०१३ च्या निकालानुसार सहकारी संस्था सहसा राज्यघटनेतील ‘राज्य’ (सरकार व त्याच्या यंत्रणा) या व्याख्येत बसत नाही. तिला प्रतिवादी मात्र करावे लागेल, कारण जागा भरणार आहे तीच.

अपिलाच्या तरतुदी कलम १०५ व १०६ मध्ये आहेत. आदेश कोणत्या कलमाखाली काढला आहे, हे त्यातच नमूद असते. ते येथे कळवा आणि प्रमाणित नकलेसाठी आजच अर्ज करा.