"माणसं मारली, पण देश उभा केला": पिनोशेबद्दल हे वाक्य अजून किती दिवस ऐकायचं?

रानवारा:
परवा इथे एकाने लिहिलं, "चिलीत पिनोशेने तीनेक हजार लोक मारले हे वाईटच, पण देश तर उभा केला ना? आपल्यालाही असाच कडक माणूस हवा." खाली चाळीस लाइक. दोन दिवस गप्प बसले, आता राहवत नाही.

कुठला देश उभा केला? लष्करप्रमुख असलेल्या या पिनोशेने 11 सप्टेंबर 1973 ला स्वतःच्याच राष्ट्राध्यक्षाच्या, निवडून आलेल्या आयेंदेच्या, प्रासादावर विमानातून बॉम्ब टाकून सत्ता बळकावली, स्टेडियममध्ये माणसं कोंडली, युनियन मोडल्या, पुढे कोणी अडवणारं नसताना हवं ते अर्थशास्त्र राबवलं आणि 1982 ला काय झालं तर एका वर्षात देशाचं उत्पन्न जवळजवळ 14 टक्क्यांनी खाली. बँका बुडाल्या. सरकारने कशात पडू नये म्हणणाऱ्यांनीच 1983 च्या जानेवारीत त्या ताब्यात घेतल्या. वस्त्यांमधल्या बायका जे मिळेल ते गोळा करून एका मोठ्या पातेल्यात सगळ्या गल्लीचं शिजवायच्या. 1987 ला सुद्धा शंभरातली 45 माणसं गरिबीरेषेखाली होती! तांब्याच्या मोठ्या खाणी आयेंदेच्या काळात देशाच्या झाल्या, त्या मात्र यांनी विकल्या नाहीत, कारण तांब्याच्या निर्यातीतले दहा टक्के थेट लष्कराला जायचे.

आणि "तीनेक हजार" म्हणजे फक्त मेलेले आणि गायब झालेले. छळ सोसून जिवंत राहिलेले 2004 च्या सरकारी अहवालातच 27 हजारांवर आहेत.

घाटमाथा:
त्या चाळीस लाइकमध्ये माझा एक आहे, तेव्हा मीच बोलतो. 1973 ला महागाई 500 टक्क्यांच्या वर गेली होती, ते का नाही लिहिलंत? पावासाठी रांगा होत्या. पातेल्याचं लिहिलंत, पण भांडी वाजवत निदर्शनं करणं पिनोशेच्या विरोधकांनी सुरू केलं नाही, 1971 च्या डिसेंबरात राजधानी सांतियागोच्या बायका रिकामी भांडी वाजवत आयेंदेच्या विरोधात निघाल्या होत्या. पिनोशे पुढेही राहावा का यावरच्या 1988 च्या सार्वमतात 44 टक्के लोकांनी पिनोशेलाच मत दिलं, ते सगळे काय खुळे होते?

रानवारा:
महागाई मान्य, रांगा मान्य, भांड्यांचंही मान्य. पण तीच भांडी 1983 च्या मे महिन्यापासून पिनोशेच्या विरोधात वाजायला लागली, तांबे खाणीतल्या कामगारांच्या हाकेवर, आणि रस्त्यावर सैन्य असताना. 44 टक्क्यांचं म्हणाल तर विरोधकांना 15 वर्षांत टीव्हीवर जागा मिळाली ती मतदानाआधीचे काही दिवस, रात्री उशिरा, रोज 15 मिनिटं. तरी "नको" म्हणणारे जवळजवळ 56 टक्के निघाले.

खडू_फळा:
पेन्शनचा विषय कुणी काढला नाही म्हणून मी काढतो. 1981 ला चिलीतच सरकारी पेन्शन मोडून पगारातले 10 टक्के खासगी फंडात टाकायची पद्धत आली, आणि ज्या लष्कराने ती लादली ते स्वतः त्यातून बाहेर राहिलं. आता इकडे बघा. मी जिल्हा परिषदेच्या शाळेत 2006 ला लागलो, 1 नोव्हेंबर 2005 नंतरचा म्हणून मला नवी योजना, तीही पगारातून कापून फंडात टाकायची. शेजारच्या वर्गावरच्या बाई वर्षभर आधी लागल्या, त्यांना जुनी. एकाच डब्यातला खडू वापरतो आम्ही. मार्च 2023 च्या संपात सातही दिवस बसलो, "एकच मिशन, जुनी पेन्शन" ओरडून घसा बसला, घरी बायको विचारते मिळालं काय.

घाटमाथा:
गुरुजी, तुमची पेन्शन आमच्या करातून जाते. माझ्या वडिलांनी 40 वर्षं किराणा दुकान चालवलं, त्यांना कोणी दिली? संपाच्या आठवड्यात माझी पोरगी घरी बसली होती, पुढच्या वर्षी तिची दहावी होती.

खडू_फळा:
दुकानदाराला मिळत नाही म्हणून मास्तरचीही काढून घ्यायची, हा कुठला न्याय? दुकानदारालाही द्या म्हणा की, मी तुमच्या बरोबर येतो मोर्चाला. चिलीत 2019 च्या ऑक्टोबरात लाखो लोक रस्त्यावर आले, त्यांच्या मागण्यांत पेन्शन होतीच.

रानवारा:
अहो, माणसं गायब झाली त्यावर बोलतोय आपण! पेन्शनसाठी वेगळा धागा काढा ना, हात जोडते.

खडू_फळा:
ताई, वेगळा नाहीये हो विषय. तुकापेल हिमेनेस हे सरकारी कर्मचाऱ्यांच्या संघटनेचे अध्यक्ष. नोकरीतून काढल्यावर टॅक्सी चालवायचे आणि सगळ्या युनियन एकत्र आणायच्या खटपटीत होते. 25 फेब्रुवारी 1982 ला त्यांना त्यांच्याच टॅक्सीत मारलं. डोक्यात गोळ्या, वर गळा चिरलेला. अशा देशात पेन्शनच्या कायद्याला विरोध करणार कोण होतं? मी सात दिवस संपावर बसून जिवंत घरी आलो, म्हणून तर इथे तुमच्याशी भांडतोय.

रानवारा:
हे पटलं. हात जोडले ते मागे घेते.

तांबडा_डोंगर:
मी उत्तर चिलीतल्या कालामा गावात दोन वर्षं होतो, खाणीच्या सॉफ्टवेअरचं काम. ऑक्टोबर 1973 ला तिथे 26 जणांना लष्कराने गोळ्या घातल्या आणि प्रेतं दिली नाहीत. त्यांच्या बायका, बहिणी, आया फावडी घेऊन वाळवंटात शोधत राहिल्या, 17 वर्षं. 1990 ला खड्डा सापडला तर आत फक्त तुकडे, कारण मधल्या काळात प्रेतं उकरून दुसरीकडे नेली होती. माझ्या घरमालकिणीची आत्या त्या बायकांबरोबर जायची. ही तेव्हा लहान. तिला आठवतं ते एवढंच की आत्या संध्याकाळी दारात बसून बूट उलटे करायची, वाळू पडायची, आणि त्या वाळूतही ती बोट फिरवून बघायची. घरमालकीण सांगताना स्वतः बोट फिरवत होती टेबलावर. मला पुढे काही विचारता आलं नाही.

रेवाकाठ:
सांतियागोच्या स्मृती संग्रहालयात बायकांनी शिवलेली कापडी चित्रं बघितली मी, आपल्या गोधडीसारखीच ठिगळं जोडून. खाली पिठाच्या पोत्याचं कापड, वर इवल्याशा बाहुल्या, मागे नेहमी अँडीजचे डोंगर, कधी गायब झालेल्या माणसाच्या शर्टाचाच तुकडा. काहींना पाठीमागे छोटा खिसा शिवलेला असायचा, आत चिठ्ठी. चर्चच्या मदतीने ही चित्रं देशाबाहेर जायची आणि त्यावर घरं चालायची. माझी आजी गोधडीत आजोबांचं धोतर घालायची, तिथे उभी राहून तेच आठवत होतं.

घाटमाथा:
कालामाचं मला माहीत नव्हतं. लाइक काढला. महागाईचं माझं बरोबरच होतं, ते सोडणार नाही. आणि गुरुजी, दुकानदारांच्या पेन्शनचा मोर्चा खरंच काढणार असाल तर वडिलांना घेऊन येतो.