अहिराणी बोलणाऱ्या बापावर कॉमेडी वेब सिरीज, नाशिकमध्ये चालेल का?

सातपूरकर:
आम्ही चार मित्र मिळून यूट्यूबसाठी सिरीज लिहितोय. बाप सातपूर एमआयडीसीत प्रेस मशीनवर, मूळचा सटाण्याचा, घरात अहिराणीच बोलतो आणि पोरगा गंगापूर रोडच्या कॉलेजात. एक जण म्हणतो सगळं साध्या मराठीत घ्या, शहरातल्या लोकांना कळणार नाही. तुम्हाला काय वाटतं?

कसमादे_पोऱ्या:
बिनधास्त अहिराणीत घ्या! कळवण, सटाणा, मालेगाव, देवळा सगळीकडे बोलतात आणि सातपूर-अंबडला निम्मी लाईन आपलीच असते. २०११ च्या जनगणनेत खान्देशी (अहिराणी त्यातच धरलीय) बोलणारे १८ लाखांच्या वर आहेत, म्हणजे प्रेक्षक आहेच की. खाली प्रमाण मराठीत सबटायटल टाका, झालं काम.

मायलेक_नाशिकरोड:
भाषा ठेवा पण बापाला येडा नका दाखवू प्लीज, गावाकडची बोली आली की लगेच माणूस बावळट हे बघून बघून वीट आलाय. माझे पप्पा नाईट शिफ्ट करून यायचे, हाताचं ऑईल जाईना म्हणून पावडर लावून घासत बसायचे आणि तिथूनच ओरडायचे, "फी भरी दिधी, आते जेव!" आम्ही हसायचो पण ते खरंच विनोदी होते, त्यांना टायमिंग कळायचं. तसा बाप लिहा, जोक तो मारेल, त्याच्यावर नको.

सातपूरकर:
ताई, हे एकदम पटलं. पहिला सीन बदलतो आजच. डायलॉग तपासायला मालेगाव साईडचं कोणी आहे का?

कसमादे_पोऱ्या:
मी देवळ्याचा, पाठव भो.