नीजलाट: दर्या उजळतो आणि जवळचे सारे झोपी जातात, हे पटेल असे कसे लिहावे?

दर्याकाठ (पेडणे)

सप्रेम नमस्कार. मोरजीच्या किनाऱ्यावर घडणारी एक दीर्घकथा मी लिहीत आहे. तिच्यात डिसेंबरच्या अमावास्येला समुद्र निळसर उजळतो आणि त्या उजेडापासून शंभर पावलांच्या आत जो कोणी असेल, मग तो रापणीचा, म्हणजे किनाऱ्यावरून ओढायच्या मोठ्या जाळ्याचा, दोर ओढणारा माणूस असो, वाळूतली कुर्ली असो की होडीखाली बसलेले कुत्रे, तो जागच्या जागी झोपी जातो. पहाटे उजेड विझला की सगळे उठतात. या घटनेला मी ‘नीजलाट’ म्हणते. ती पूर्णपणे काल्पनिक आहे आणि तशीच राहावी अशी माझी इच्छा आहे. मात्र शेजारच्या एका वयस्क रापणकारकाकांना मसुदा वाचून दाखवला, तेव्हा ते म्हणाले, “बाय, पाणी पेटलेले आम्ही कितीदा पाहिले आहे. त्या रात्री माशांना जाळे दिसते, म्हणून आम्ही हळहळतो. झोप कसली येते?” ते बोलणे मनात राहून गेले आहे. उजेड आणि झोप यांची सांगड वाचकाला पटेल अशी कशी घालावी?

शंखशिंपले (पणजी)

काकांचे निरीक्षण शास्त्राला धरून आहे. आपल्याकडे पाणी पेटते ते बहुतेक वेळा नॉक्टिल्युका या एकपेशीय जीवामुळे. लाट फुटली किंवा वल्हे लागले की पेशीला धक्का बसतो, तिच्यातील ल्युसिफेरिन या द्रव्याचा ऑक्सिजनशी संयोग होतो आणि सेकंदाच्या जेमतेम दहाव्या भागापुरती चमक उठते. निश्चल पाण्यात अंधारच राहतो. त्यातून हा प्रकाश निळा असतो, आणि आपल्या डोळ्यांच्या पडद्यातील काही पेशी ४८० नॅनोमीटरच्या आसपासच्या निळ्या प्रकाशानेच सर्वाधिक उद्दीपित होऊन झोपेला साहाय्यक असलेले मेलाटोनिन रोखतात. म्हणजे निळा उजेड निजवणारा नसून जागवणारा आहे. म्हणून झोपेचे कारण उजेडात शोधू नये, असे मला वाटते. दोन्हींचे मूळ एक असावे, पण एकाने दुसरे घडवू नये.

त्यासाठी ‘दुधाळ समुद्रा’चा, म्हणजे रात्री दूरवर सलग उजळलेल्या समुद्राचा, आधार घेता येईल. १९९५ च्या जानेवारीत सोमालियाच्या किनाऱ्यापासून दूर ‘लिमा’ या जहाजाला असा समुद्र लागला होता. पुढे उपग्रहाच्या जुन्या चित्रांत तो सापडला, तेव्हा त्याचे क्षेत्रफळ सुमारे १५,४०० चौरस किलोमीटर भरले, म्हणजे आपल्या गोव्याच्या चौपट! हा उजेड लुकलुकत नाही, तर संथपणे तेवत राहतो. १९८५ मध्ये अरबी समुद्रातच अशा पाण्याचा नमुना घेतला गेला, तेव्हा त्यात व्हिब्रिओ हार्वेयी हे जिवाणू आढळले. हे जिवाणू एकटेदुकटे असताना प्रकाशत नाहीत. प्रत्येक जण पाण्यात एक रासायनिक खूण सोडतो आणि ती पुरेशी दाट झाली की सगळे मिळून उजळतात. आपली नीजही अशीच का ठेवू नये? पहिल्या रात्री पाणी नुसते उजळावे, दुसऱ्या रात्री रापणकारांना जांभया याव्यात, आणि दाटी पूर्ण होईल त्या रात्री किनारा झोपावा. असे केल्यास वाचकाला कारण समजावून सांगावेच लागणार नाही, कारण त्याने ते वाढताना पाहिलेले असेल.

कासवमित्र (काणकोण)

वरील सूचना उत्तम आहे. माझी हरकत ‘सगळे सारखेच झोपतात’ या कल्पनेला आहे. डॉल्फिनला प्रत्येक श्वास जाणीवपूर्वक घ्यावा लागतो, म्हणून त्याच्या मेंदूचा एकच अर्धा भाग एका वेळी झोपतो. पूर्ण झोपला तर तो गुदमरेल. माशांना पापण्या नसल्याने ते उघड्या डोळ्यांनीच निजतात. मोरजीला अंडी घालायला येणारी ऑलिव्ह रिडले कासवाची मादी तर अंडी सोडताना आधीच तंद्रीत असते. नीजलाटेत सापडलेल्या अशा मादीचा खड्डा उघडाच राहिला, तर पहाटे जागे झालेले कुत्रे ती खड्डा बुजवण्याआधीच तिथे पोहोचतील. हा प्रसंग आपण टाळू नये, अशी विनंती आहे.

सांजवारा (मडगाव)

झोपेसाठी पाण्यातून निघणारा वायू कल्पू नये, एवढेच सांगतो. १९८६ मध्ये कॅमेरूनमधील न्योस सरोवरातून कार्बन डायऑक्साइडचा लोट उसळला आणि सुमारे १,७०० माणसे मेली. वायूने आलेल्या गुंगीतून सगळे पहाटे सुखरूप उठले, हे पटणार नाही.

दर्याकाठ (पेडणे)

सर्वांची मनापासून आभारी आहे. तीन रात्रींची रचना मी स्वीकारत आहे. कासवाचा प्रसंग वाचून मात्र मला माझ्या मसुद्यातील मोठी चूक उमगली: कमरेएवढ्या पाण्यात दोर धरून उभा असलेला माणूस झोपला, तर तो पहाटे उठणार कसा? हे मी लिहिताना पाहिलेच नव्हते. काकांना काल पुन्हा विचारले. ते बराच वेळ विचार करून म्हणाले, “दुसऱ्या रात्री जांभया आल्या असतील, तर तिसऱ्या रात्री आम्ही पाण्यात उतरणारच नाही. जाळे वाळूवरच राहील.” आता कथा तिथूनच सुरू होईल, वाळूवर पडून राहिलेल्या जाळ्यापासून.