साक्षीदारांपेक्षा सेवा क्रमांक बोलका
साक्षीदारच उरले नाहीत तर नाझींवरचे उशिराचे खटले म्हणजे नुसता देखावा, हे म्हणणं पटत नाही. नाझी छावणीत रक्षक असल्याचा आरोप झालेला, अमेरिकेत स्थायिक युक्रेनियन जॉन डेम्यान्युक, याच्या प्रकरणात घोळ झाला तो साक्षीदार असतानाच. फोटोवरून ओळख पटवून इस्रायलने १९८८ मध्ये त्याला ट्रेब्लिंका या संहारछावणीचा क्रूरकर्मा 'इव्हान' म्हणून फाशी सुनावली आणि १९९३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ती रद्द केली. सोव्हिएत फायलींत त्या इव्हानचं आडनाव मार्चेन्को निघालं.

अमेरिकी न्याय खात्यातल्या इतिहासकारांनी मग चेहऱ्याऐवजी सेवा क्रमांकाचा माग धरला. ट्रावनिकी या एसएसच्या (नाझी निमलष्करी दलाच्या) प्रशिक्षण छावणीत तयार झालेल्या रक्षकाचं नाव जर्मन कारकून दर यादीत वेगळं लिहीत, क्रमांक मात्र तोच राही. डेम्यान्युकच्या ओळखपत्र १३९३ वर सोबिबोर या संहारछावणीतल्या नेमणुकीची नोंद २७ मार्च १९४३ ची, आणि बदलीच्या वेगळ्या यादीत तोच क्रमांक, तारीख २६ मार्च. कार्ड सोव्हिएत गुप्तहेर संस्था केजीबीने खोटं बनवलं हा बचाव (वर्षानुवर्षं चालला तो!) इथे लंगडा पडतो. अमेरिकेत या गुन्ह्यांवर फौजदारी खटल्याची सोयच नव्हती, नागरिकत्व काढून हाकलणं एवढंच हातात. शिक्षा झाली ती जर्मनीत: म्युनिकच्या न्यायालयाने २०११ मध्ये त्याला २८,०६० हत्यांना साहाय्य केल्याबद्दल ५ वर्षं कैद दिली. अपील चालू असतानाच २०१२ मध्ये तो वारला, त्यामुळे कायद्याने निकाल अंतिम झालाच नाही.