नदीवरच्या सहली आणि विद्यार्थ्यांची मैत्री

प्रश्न (विद्यार्थी समन्वयक):
महाविद्यालयात नव्याने आलेल्या विद्यार्थ्यांची ओळख व्हावी म्हणून दर पंधरवड्याला नदीवर जाण्याचा आमचा विचार आहे. सभागृहातील ओळखीच्या कार्यक्रमांत बोलकी मुलेच बोलतात आणि उरलेली मोबाइलमध्ये डोके घालून बसतात. नदीवर गेल्याने यात खरोखर फरक पडतो का, आणि अनेकांना पोहता येत नसेल तर काय करावे?

उत्तर १ (नौकानयन प्रशिक्षक):
फरक पडतो, पण सगळ्यांच्या हाताला एकच काम असेल तर. आठ वल्हेकऱ्यांच्या शर्यतीच्या नावेत वल्हवणाऱ्यांची पाठ प्रवासाच्या दिशेला असते आणि पुढचे पाणी फक्त सुकाणू सांभाळणाऱ्यालाच दिसते. त्यामुळे कालपर्यंत अनोळखी असलेल्यांनाही त्याच्या शब्दावर आणि पुढे बसलेल्याच्या लयीवर विसंबावेच लागते. ऑक्सफर्ड आणि केंब्रिज यांच्यातील प्रसिद्ध शर्यतसुद्धा चार्ल्स वर्ड्सवर्थ आणि चार्ल्स मेरिवेल या दोन शाळासोबत्यांच्या पुढाकारातून १८२९ मध्ये सुरू झाली. पुढे तिला प्रतिष्ठेचे स्वरूप आले, हा भाग वेगळा.

उत्तर २ (जलसुरक्षा स्वयंसेवक):
वरील उत्साहाला थोडा आवर घालतो. बुटका बंधारा निरुपद्रवी दिसतो, परंतु त्याच्या पायथ्याशी पाणी उलटे फिरून माणसाला पुन्हा भिंतीकडे ओढते आणि तिथे पट्टीच्या पोहणाऱ्याचेही काही चालत नाही. पाणी १५ अंश सेल्सिअसपेक्षा थंड असल्यास त्यात पडताच अनावर धाप लागते आणि त्या पहिल्या श्वासातच पाणी नाकातोंडात जाऊ शकते. म्हणून नावेत बसणाऱ्या प्रत्येकाने, पोहता येत असले तरी, लाइफ जॅकेट घालावे. मुसळधार पावसानंतर सांडपाणी मिसळल्याने काही दिवस पाण्यात उतरू नये आणि वरच्या बाजूला धरण असेल तर विसर्गाची चौकशी आधीच करावी. बुडणाऱ्यामागे उडी न मारता दोर फेकायचा असतो. हा सराव काठावर जोडीजोडीने घ्यावा. माझ्या मते ओळख वाढवणारा याहून चांगला खेळ नाही.

उत्तर ३ (पर्यावरणशास्त्राची शिक्षिका):
न पोहणाऱ्यांना प्रेक्षक करून ठेवू नका. काठालगतच्या उथळ, संथ पाण्यातील दगड उलटून मेफ्लाय या छोट्या उडत्या कीटकाच्या पाण्यात वाढणाऱ्या अळ्या शोधता येतात. त्या प्रदूषण सहन करत नसल्याने त्या भरपूर सापडणे हे स्वच्छ पाण्याचे लक्षण मानतात. एकाने दगड धरायचा, दुसऱ्याने जाळी, तिसऱ्याने नोंद करायची. अबोल विद्यार्थी अशा वेळी आपणहून बोलू लागतात, कारण बोलायला समोर काहीतरी असते. गट मात्र दर वेळी बदला, नाहीतर जुनेच कंपू काठावरही वेगळे बसतात.