प्रति: गेम उघडतच नाही - डीएलएल मिसिंग

गेम 'डीएलएल (प्रोग्रामला चालायला लागणारी मदतनीस फाइल) सापडत नाही' म्हणत उघडत नसेल तर कुठल्यातरी साईटवरून ती सुटी फाइल उतरवून विंडोजच्या सिस्टिम३२ फोल्डरात टाका, हा वरचा सल्ला कृपया पाळू नका. व्हायरसचा धोका वर एकाने सांगितलाच आहे, पण फाइल स्वच्छ असली तरी घोळ होतो. ६४-बिट विंडोजमध्ये सिस्टिम३२ या फोल्डरात ६४-बिट फाइली असतात आणि ३२-बिट फाइली सिसवाव६४ मध्ये. (नावं अशी उलटी ठेवणाऱ्याला कोपरापासून नमस्कार!) गेम ६४-बिट असेल आणि ३२-बिट डीएलएल चुकून सिस्टिम३२ मध्ये पडली की आधीचा 'फाइल सापडत नाही'चा मेसेज जातो आणि त्याच्या जागी शेवटी '७बी' असलेला एरर येतो. लोकांना वाटतं नवीन भानगड झाली, मग विंडोजच फॉरमॅट करायला निघतात. माझ्या मावसभावाच्या लॅपटॉपवर नेमकं हेच झालं होतं. टाकलेली फाइल उडवली, मायक्रोसॉफ्टच्या साईटवरून व्हिज्युअल सी++ रीडिस्ट्रिब्युटेबल (गेमना लागणाऱ्या डीएलएल नीट जागी बसवणारं पॅकेज) एक्स८६ म्हणजे ३२-बिट आणि एक्स६४ म्हणजे ६४-बिट असं दोन्ही टाकलं, गेम सुरू. मशीन ६४-बिट असलं तरी एक्स८६ लागतंच, कारण जुने बरेच गेम ३२-बिट आहेत.

मूळ प्रश्नात न सापडणारी फाइल मात्र डी३डीएक्स९_४३ आहे, म्हणजे प्रश्न विचारणाऱ्याला डायरेक्टएक्सचं (गेमच्या ग्राफिक्ससाठीचं मायक्रोसॉफ्टचं सॉफ्टवेअर) जून २०१० चं पॅकेज हवं. डायरेक्टएक्स १२ आहे म्हणून ही फाइल असेलच असं नाही, विंडोज १० आणि ११ सोबत ती येत नाही. गेम स्टीमवरून (गेम विकणारं ॲप) घेतलेला असेल तर आधी गेमच्या फोल्डरात 'कॉमनरीडिस्ट' नावाचं फोल्डर बघा, बऱ्याचदा इन्स्टॉलर तिथेच पडलेला असतो.