दत्तक, मांडीवरचा आणि आपला

मंडळी, दत्तक या शब्दाबद्दल बोलायचंय, पण आधी तो डोक्यात कुठून आला ते सांगते. डीॲन बोर्शे लिम नावाची डॉक्युमेंटरी बनवणारी बाई आहे, १९६६ साली आठ वर्षांची असताना कोरियातल्या अनाथाश्रमातून कॅलिफोर्नियातल्या घरी दत्तक गेली, कागदावर अनाथ लिहिलेलं पण आई तर जिवंत होती, आणि वर नाव लावलेलं चा जुंग ही, म्हणजे दुसऱ्याच एका मुलीचं! पुढे तिने स्वतःच्याच घरावर फिल्म केली, २००० साली आली, नाव मराठीत सांगायचं तर 'प्रथमपुरुषी अनेकवचन'. त्यात ती अमेरिकेतल्या आईवडलांना घेऊन कोरियातल्या आईकडे जाते.

त्या नावापाशीच मी अडकले. इंग्रजीत तिथे एकच शब्द, 'वी', आपल्याकडे दोन. आम्ही म्हटलं की ऐकणारा बाहेर राहतो, आपण म्हटलं की तोही आत येतो. अहिराणीतही तसंच, आमना वेगळा, आपला वेगळा.

आता दत्तक. दत्त म्हणजे दिलेला. १९५६ च्या हिंदू दत्तक कायद्यातसुद्धा मूल प्रत्यक्ष देणं-घेणं झालं पाहिजे असं आहे, म्हणजे शब्दात काय आणि कायद्यात काय, देणारे-घेणारेच पुढे, ज्याला दिलं तो कुठेच बोलत नाही. म्हणून मला 'मांडीवर घेतला' जवळचं वाटतं, त्यात निदान ऊब आहे. फक्त माणूस चाळिशीचा झाला तरी लोक त्याला मांडीवरचाच म्हणतात, ते फार लागतं हो.

आमच्या मोठ्या मायचा मुलगा असाच मांडीवर घेतलेला. अमळनेरला लग्नात तो पंगतीत बट्टी वाढत होता, तर एका म्हाताऱ्या बाबांनी मान वर करून विचारलं, "कोना आंडोर शे रे तू?" म्हणजे कोणाचा मुलगा रे तू? हा गप्पच, टोपलं हातात तसंच धरलेलं. मागून मोठी माय तुपाचं भांडं घेऊन येत होती, ती म्हणाली, "आपला शे, बाबा." आमना नाही म्हणाली, आपला म्हणाली, म्हणजे विचारणाऱ्या बाबांनाही तिने त्यात धरलं, आणि वाकून त्यांच्या बट्टीवर तूप सोडलं.

यावल-रावेरकडच्या लेवा बोलीत 'मांडीवर घेणे' याला काय म्हणतात, कोणी सांगेल का?